कन्सोलचं सबस्क्रिप्शन : कोणता गेम किती दिवस आपल्याकडे राहतो?

नवा कन्सोल घेताना दुकानात एक वाक्य हमखास कानावर पडतं : "सबस्क्रिप्शन घेऊन टाका, शेकडो गेम फुकट." यातला 'फुकट' हा शब्द आधी बाजूला ठेवा. पुढे होणारे बहुतेक घोळ त्या एका शब्दातून सुरू होतात. सबस्क्रिप्शनमध्ये गेम विकत मिळत नाही, खेळण्याची परवानगी मिळते, आणि या परवानगीचे प्रकार वेगवेगळे असतात. स्क्रीनवर मात्र सगळे गेम एकाच रांगेत, सारखेच दिसतात.

लातूरला शिकायला येणारी पोरं खोली किरायानं घेतात. किराया थांबला की खोलीला कुलूप लागतं, पण गादी, पुस्तकं, डबा हे सामान पोराचंच असतं. इथंही तसंच आहे. गेम म्हणजे खोली. त्यात तुम्ही कुठवर पोहोचलात याची नोंद, म्हणजे सेव्ह, हे तुमचं सामान. खोली परत मिळाली की सामान तिथंच लावता येतं, फक्त ते मध्ये हरवू द्यायचं नाही. हा लेख प्लेस्टेशन आणि एक्सबॉक्स या दोन्हींसाठी आहे. जिथं दोघांचे नियम वेगळे आहेत तिथं तसं सांगितलं आहे.

आधी परवानगीचे प्रकार समजून घ्या

पहिला प्रकार म्हणजे विकत घेतलेला गेम. डिस्क असो वा स्टोअरमधून डिजिटल घेतलेला, त्याचा सबस्क्रिप्शनशी संबंध नाही. सबस्क्रिप्शन संपलं तरी तो चालतो. फक्त त्यातला ऑनलाइन खेळ बंद पडू शकतो.

दुसरा प्रकार म्हणजे महिन्याचे गेम. हा प्लेस्टेशन प्लसचा भाग आहे आणि सगळ्यात जास्त गैरसमज याच्याबद्दल आहेत. दर महिन्याच्या पहिल्या मंगळवारी नवे गेम येतात आणि पुढच्या महिन्याच्या पहिल्या मंगळवारी ते जाऊन दुसरे येतात. या मुदतीत तुम्ही 'ॲड टू लायब्ररी' हे बटण दाबलं, तरच तो गेम तुमच्या खात्यात जमा होतो. डाउनलोड करायची गरज नाही, नुसतं बटण दाबायचं. एकदा जमा झालेला गेम, प्लसचा कुठलाही प्लॅन चालू असेपर्यंत खेळता येतो, मग तीन वर्षांनी का होईना. प्लॅन संपला की त्याला कुलूप लागतं आणि पुन्हा घेतला की ते उघडतं. पण त्या महिन्यात बटण दाबायचं राहिलं, तर तो गेम गेला. नंतर पैसे भरून प्लॅन घेतला तरी मागच्या महिन्यांचे गेम मिळत नाहीत.

म्हणून मोबाइलवर प्लेस्टेशनचं ॲप टाकून ठेवा. कन्सोल बंद असला, घरचं नेट बंद असलं, तुम्ही गावी शेतात असलात, तरी फोनवरून गेम जमा करता येतो. आज पीएस फोर (प्लेस्टेशन ४) वापरणाऱ्यानं पीएस फाइव्हचे (प्लेस्टेशन ५चे) गेमही जमा करत राहावेत. पुढे कन्सोल बदलला की ते सगळे तयार मिळतात.

तिसरा प्रकार कॅटलॉगचा. प्लेस्टेशन प्लसचे वरचे दोन प्लॅन आणि एक्सबॉक्स गेम पास यावरच चालतात. मोठी यादी असते, त्यातलं हवं ते डाउनलोड करायचं आणि खेळायचं. पण इथं 'जमा करून ठेवणं' नसतं. गेम यादीत आहे तोवर आणि तुमचं सबस्क्रिप्शन चालू आहे तोवरच तो उघडतो. यापैकी एकही अट तुटली की कुलूप, मग तो तुमच्या हार्ड डिस्कवर पूर्ण उतरलेला असला तरी. जीटीए फाइव्ह हा गेम गेल्या काही वर्षांत गेम पासमध्ये कितीतरी वेळा आला आणि गेला. कॅटलॉगमधला गेम अर्ध्यावर ठेवून 'दिवाळीच्या सुट्टीत बघू' म्हणणं म्हणूनच धोक्याचं असतं.

गेम जाण्याची सूचना आधी मिळते. प्लेस्टेशनवर प्लसच्या विभागात 'लास्ट चान्स टू प्ले' नावाची रांग असते. कॅटलॉगची मोठी भर महिन्याच्या तिसऱ्या मंगळवारी पडते. एक्सबॉक्सवर गेम पासच्या विभागात 'लीव्हिंग सून' (लवकरच जाणारे) ही रांग बघा. तिथले गेम साधारणपणे महिन्याच्या मध्याला आणि महिनाअखेरीला निघतात, आणि सूचना साधारण दोन आठवडे आधी येते. पंचवीस-तीस तासांचा लांबलचक गेम सुरू करण्याआधी ही रांग एकदा बघायची सवय लावून घ्या.

चौथा प्रकार छोटा आहे, तो म्हणजे चाचणी. प्लसच्या सगळ्यात वरच्या प्लॅनमध्ये काही गेम ठरावीक तासांपुरते पूर्ण खेळायला मिळतात. आवडला आणि विकत घेतला, तर सेव्ह पुढे चालू राहतो.

कोणता प्लॅन?

प्लेस्टेशन प्लस २०१० साली सुरू झालं. जून २०२२ पासून त्याचे तीन प्लॅन आहेत. भारतात त्यांची नावं इसेन्शियल, एक्स्ट्रा आणि डिलक्स. परदेशी व्हिडिओंमध्ये 'प्रीमियम' हे नाव ऐकाल. आपल्याकडे त्या जागी डिलक्स आहे आणि त्यात क्लाउडवरून, म्हणजे कंपनीच्या दूरच्या संगणकांवरून नेटनं, थेट गेम खेळण्याची सोय नाही. इसेन्शियलमध्ये महिन्याचे गेम, ऑनलाइन खेळ आणि सेव्ह क्लाउडवर ठेवण्याची सोय येते. एक्स्ट्रामध्ये त्यावर कॅटलॉग मिळतो. डिलक्समध्ये आणखी जुने क्लासिक गेम आणि चाचण्या मिळतात. आमच्या मते नवशिक्याला डिलक्सची गरज नसते. जुन्या पीएस वन, पीएस टूच्या गेमची खरी ओढ असेल तरच तो घ्यावा.

एक्सबॉक्स गेम पास जून २०१७ मध्ये सुरू झालं. ऑक्टोबर २०२५ पासून त्याचेही तीन प्लॅन झाले : इसेन्शियल, प्रीमियम आणि अल्टिमेट. तेव्हा जाहीर झालेल्या रचनेप्रमाणे इसेन्शियलमध्ये ५० हून अधिक, प्रीमियममध्ये २०० हून अधिक आणि अल्टिमेटमध्ये ४०० हून अधिक गेम आहेत. मुख्य फरक नव्या गेममध्ये आहे. एक्सबॉक्सची कंपनी मायक्रोसॉफ्ट, तिचे स्वतःचे बहुतेक नवे गेम बाजारात येतात त्याच दिवशी फक्त अल्टिमेटमध्ये मिळतात. प्रीमियमवाल्यांना ते वर्षभराच्या आत मिळतात, पण कॉल ऑफ ड्यूटी त्या आश्वासनात बसत नाही. ईए प्ले, म्हणजे ईए या गेम कंपनीचं सबस्क्रिप्शन, त्याची यादीही अल्टिमेटमध्येच येते. प्लेस्टेशनवर ईए प्ले वेगळे पैसे देऊन घ्यावं लागतं.

दर इथं मुद्दाम दिलेले नाहीत. ते बदलत राहतात, म्हणून त्या दिवशीचा आकडा कन्सोलवरच्या स्टोअरमध्येच बघा. प्लस एक, तीन आणि बारा महिन्यांसाठी मिळतं आणि बारा महिन्यांचा प्लॅन महिन्यामागे बराच स्वस्त पडतो. तरीही पहिल्यांदा एकच महिना घ्या. तुमच्या घरचं नेट एवढं डाउनलोड पेलतं का, हे कळल्याशिवाय वर्षाचे पैसे गुंतवण्यात शहाणपणा नाही. प्लसमध्ये खालून वरच्या प्लॅनवर कधीही जाता येतं, उरलेल्या दिवसांच्या हिशेबानं फरकाची रक्कम भरावी लागते. मात्र खालच्या प्लॅनचा वर्षाचा साठा करून ठेवला असेल, तर फरकही सगळ्या दिवसांचा एकदम भरावा लागतो. हे आधी लक्षात घ्या.

आणि कदाचित तुम्हाला सबस्क्रिप्शन लागणारही नाही. फोर्टनाइट, ई-फुटबॉल यांसारखे मुळातच मोफत असलेले गेम ऑनलाइन खेळायला प्लेस्टेशनवर प्लस लागत नाही. एक्सबॉक्सवरही एप्रिल २०२१ पासून लागत नाही. घरातलं पोरगं दिवसभर हेच खेळणार असेल, तर पैसे वाचवा.

आता सेकंडहँड पीएस फोर घेणाऱ्यांसाठी, कारण परभणी, बीड, नांदेडकडे पहिला कन्सोल बऱ्याचदा तोच असतो. जानेवारी २०२६ पासून प्लसच्या महिन्याच्या गेममध्ये आणि कॅटलॉगमध्ये नवे पीएस फोर गेम अधूनमधूनच येतात, मुख्य भर पीएस फाइव्हवर आहे. आधी जमा केलेले आणि यादीत असलेले गेम चालतात. पण दर महिन्याला काहीतरी नवं मिळेल या आशेनं पीएस फोरसाठी वर्षाचा प्लॅन घेऊ नका. त्या पैशात डिस्क घेतलेल्या बऱ्या, खेळून झाल्यावर त्या विकताही येतात.

खातं आणि पैसे

१. खातं स्वतःचं काढा, स्वतःच्या ई-मेलवर. देश भारत निवडा. प्लेस्टेशन खात्याचा देश नंतर बदलता येत नाही. एक्सबॉक्सवर बदलता येतो, पण तिथंही मर्यादा आहे. रीडीम कोड, म्हणजे विकत घेऊन खात्यात पैसे किंवा प्लॅन भरण्यासाठी टाकायचा कोड, ज्या देशाचा, खातंही त्याच देशाचं लागतं. नातेवाइकानं दुबईहून पाठवलेला कोड भारतीय खात्यावर चालणार नाही.

२. जन्मतारीख खरी टाका. मुलासाठी खातं असेल तर आई-वडिलांचं मोठं खातं आधी काढून त्याखाली मुलाचं काढा. सबस्क्रिप्शन मोठ्याच्या खात्यावर घ्या. ते मुलाला कसं वापरता येतं, ते पुढे सांगितलं आहे.

३. टू-स्टेप व्हेरिफिकेशन (पासवर्डनंतर मोबाइलवरचा कोडही मागणारी सोय) लगेच चालू करा आणि मिळालेले बॅकअप कोड कागदावर लिहून ठेवा. मोबाइल हरवला तर खात्यात शिरायचा तोच मार्ग उरतो.

४. पैसे भरायला शक्यतो कोड वापरा. प्लेस्टेशनचा कोड १२ अक्षरांचा असतो, एक्सबॉक्सचा २५ अक्षरांचा. ओळखीच्या मोठ्या दुकानातून किंवा अधिकृत ऑनलाइन विक्रेत्याकडून घ्या. वडिलांचं कार्ड कन्सोलवर जोडून ठेवण्यापेक्षा हे बरं, कारण कोडात जेवढी रक्कम आहे तेवढीच खर्च होते.

५. कार्डच वापरणार असाल तर ऑटो-रिन्यूचा भारतीय नियम माहीत हवा. रिझर्व्ह बँकेच्या नियमांनुसार दर वेळी आपोआप पैसे कापण्यासाठी आधी ओटीपी देऊन मंजुरी द्यावी लागते. पैसे कापण्याच्या किमान २४ तास आधी बँकेकडून सूचना येते. १५,००० रुपयांपर्यंतच्या रकमेला पुढे दर वेळी ओटीपी लागत नाही. मंजुरी नीट नोंदली गेली नसेल तर रिन्यू होत नाही आणि ठरल्या तारखेला कुलूप लागतं. त्यामुळे ऑटो-रिन्यूवर विसंबून राहू नका, संपण्याची तारीख मोबाइलच्या कॅलेंडरमध्ये टाका.

एक गोष्ट ठामपणे सांगावीशी वाटते. टेलिग्रामवर, इन्स्टाग्रामवर आणि काही दुकानांतही 'अर्ध्या किमतीत वर्षाचं सबस्क्रिप्शन' मिळतं. तिथं तुम्हाला कोड देत नाहीत, दुसऱ्याच कुणाच्या खात्याचा आयडी-पासवर्ड देतात. तेच खातं आणखी चार जणांना दिलेलं असतं. मूळ मालकानं पासवर्ड बदलला की गेम बंद. तक्रार करायला गेलात तर कंपनीच्या दप्तरी ते खातं तुमचं नाहीच. खातं विकणं नियमाबाहेर असल्यानं ते कायमचं बंदही होऊ शकतं, आणि त्यावर जमलेले सगळे सेव्ह त्याच्यासोबत जातात. पैसे कमी असतील तर एक महिनाच घ्या, पण स्वतःच्या खात्यावर घ्या.

हा कन्सोल माझा, हे सिस्टिमला सांगा

ही पायरी दोन मिनिटांची आहे, पण ती राहिली तर नेट गेल्यावर गेम उघडत नाही. पीएस फाइव्हवर सेटिंग्ज, युजर्स अँड अकाउंट्स, अदर, त्यात 'कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले' हे चालू करा. पीएस फोरवर सेटिंग्जमध्ये अकाउंट मॅनेजमेंट आणि तिथं 'ॲक्टिव्हेट ॲज युवर प्रायमरी पीएस फोर'. एक्सबॉक्सवर सेटिंग्ज, जनरल, पर्सनलायझेशन, 'माय होम एक्सबॉक्स'.

यानं दोन गोष्टी होतात. एक, त्या कन्सोलवर तुमचे गेम नेट नसतानाही उघडतात. दोन, त्याच कन्सोलवरच्या घरातल्या इतर युजरना तुमच्या सबस्क्रिप्शनचे गेम आणि ऑनलाइन खेळ मिळतो. बाबांच्या खात्यावर प्लस असेल तर धाकटी आपल्या वेगळ्या युजरवरून खेळू शकते, तिचा सेव्ह तिच्या नावावर वेगळा राहतो. फक्त क्लाउडवर सेव्ह ठेवण्याची सोय प्लेस्टेशनवर ज्याचं सबस्क्रिप्शन त्यालाच मिळते.

एका खात्याला एकच पीएस फाइव्ह (आणि एक पीएस फोर) अशा रीतीनं जोडता येतो. दादा पुण्याला शिकायला गेला आणि तिथं त्यानं दुसरा पीएस फाइव्ह घेतला, तर शेअरिंग जालन्याच्या घरच्या कन्सोलवर ठेवावं आणि पुण्यात दादानं स्वतःच्या युजरनं नेट चालू ठेवून खेळावं. उलट केलं तर घरच्यांच्या गेमला कुलूप लागेल. एक्सबॉक्सवर होम कन्सोल वर्षातून पाचच वेळा बदलता येतो, म्हणून सारखी अदलाबदल करू नका.

'ऑफलाइन चालतं' याचा अर्थ कायम ऑफलाइन चालतं असा नाही. एक्सबॉक्सवर गेम पासच्या गेमसाठी ३० दिवसांत एकदा तरी कन्सोल नेटला जोडावा लागतो. प्लेस्टेशनवर परवान्याला तुमच्या प्लॅनच्या मुदतीची तारीख लागलेली असते. पैसे भरून मुदत वाढली तरी कन्सोल नेटला जोडेपर्यंत त्याला ते कळत नाही. घरी ब्रॉडबँड नसेल तर मोबाइलचं हॉटस्पॉट पाच मिनिटं पुरतं, या कामाला डेटा फार लागत नाही.

डाउनलोड : खरी कसोटी इथं आहे

मोठा गेम ८० ते १०० जीबीचा सहज असतो. आता हिशेब करा. नेटचा वेग एमबीपीएसमध्ये सांगतात, त्याला आठानं भागलं की सेकंदाला किती एमबी येतील ते कळतं. ३० एमबीपीएसची लाइन पूर्ण वेगानं चालली तर सेकंदाला पावणेचार एमबी, म्हणजे १०० जीबीला साधारण साडेसात तास. १०० एमबीपीएसवर सव्वादोन तास. दिवसाला २ जीबीच्या मोबाइल पॅकवर तोच गेम ५० दिवस खाईल. हॉटस्पॉटच्या भरवशावर कॅटलॉगचा प्लॅन घेऊ नका असं आम्ही सांगतो ते यामुळेच. तुमच्या गावात अजून फायबर किंवा केबलवाल्याची लाइन नसेल, तर डिस्कवाला कन्सोल आणि डिस्क हाच व्यवहार्य रस्ता आहे. डिस्क टाकल्यावरही अपडेट उतरतात, पण गेमचा बराचसा भाग डिस्कवरून येतो.

लाइन असेल तर डाउनलोड रात्री लावा. संध्याकाळी सात ते अकरा या वेळात गल्लीतलं प्रत्येक घर त्याच लाइनवर असतं. जमलं तर राउटरपासून कन्सोलपर्यंत लॅन केबल टाका. मधे दोन विटांच्या भिंती असतील तर वायफाय आणि केबल यांत चांगलाच फरक पडतो. पीएस फाइव्हवर सेटिंग्ज, सिस्टिम, पॉवर सेव्हिंग, 'फीचर्स अव्हेलेबल इन रेस्ट मोड' इथं 'स्टे कनेक्टेड टू द इंटरनेट' चालू करा, म्हणजे रेस्ट मोडमध्ये (कन्सोल पूर्ण बंद न करता झोपवलेला असताना) डाउनलोड चालू राहतं. एक्सबॉक्सवर पॉवर पर्यायांत 'स्लीप' ठेवा.

मग लाईट जाते. अर्धवट डाउनलोड वाया जात नाही, लाईट आली की तिथूनच पुढे सुरू होतं. पण तेव्हा कन्सोल डिस्कवर लिहीत असेल तर फाइलींची नोंद बिघडू शकते. पीएस फाइव्ह पुन्हा चालू झाल्यावर स्टोरेज तपासायला लागला तर त्याला तपासू द्या, घाईनं पुन्हा बंद करू नका. त्यानंतरही गेम 'खराब' दिसत असेल तर सेफ मोड, म्हणजे दुरुस्तीच्या पर्यायांची स्क्रीन, वापरा. कन्सोल पूर्ण बंद करा. पॉवरचं बटण दाबून धरा. पहिला बीप लगेच येतो, दुसरा साधारण सात सेकंदांनी. दुसरा ऐकल्यावर बोट काढा. कंट्रोलर केबलनं जोडून पीएस बटण दाबा आणि 'क्लिअर कॅशे अँड रिबिल्ड डेटाबेस' निवडा. यानं गेम किंवा सेव्ह जात नाहीत. त्याच यादीत 'रिसेट' हा शब्द असलेले पर्यायही असतात, त्यांना हात लावू नका.

इन्व्हर्टर असेल तर त्यावरचा मोडचा खटका बघा. साध्या इन्व्हर्टर मोडमध्ये लाईट गेल्यावर बॅटरीवर यायला जो क्षण लागतो तेवढ्यात कन्सोल बंद पडतो. 'यूपीएस' मोडवर ही अदलाबदल लवकर होते. राउटरला १२ व्होल्टचा छोटा यूपीएस लावा, नाहीतर कन्सोल चालू आणि नेट बंद अशी स्थिती होते. डीपीवर बिघाड होऊन व्होल्टेज वर-खाली होत असेल, तेव्हा प्लग सरळ काढून ठेवा. स्पाइक गार्ड थोडासाच आधार देतो.

जागेचंही बघा. पहिल्या पीएस फाइव्हमध्ये ८२५ जीबीपैकी ६६७ जीबीच वापरायला मिळतात. एक्सबॉक्स सीरिज एसच्या ५१२ जीबीपैकी ३६४. म्हणजे सात-आठ किंवा चार-पाच मोठे गेम. जागा भरली की गेम उडवून नंतर पुन्हा उतरवणं हा शहरातला उपाय झाला, आपल्या नेटवर तो परवडत नाही. त्यापेक्षा यूएसबी ३.० ची बाहेरची हार्ड डिस्क घ्या. प्लेस्टेशनला किमान २५० जीबीची लागते, एक्सबॉक्सला १२८ जीबीची. हब न वापरता थेट कन्सोललाच लावा. पीएस फाइव्हचे आणि सीरिज एक्स-एसचे नवे गेम त्यावरून चालत नाहीत, पण तिथं ठेवता येतात. हवा तेव्हा आत घ्यायचा, झाला की बाहेर ठेवायचा. १०० जीबी डाउनलोड करण्याच्या मानानं ही अदलाबदल खूपच लवकर होते. पीएस फोरचे आणि जुन्या एक्सबॉक्सचे गेम तर थेट बाहेरच्या डिस्कवरूनच चालतात. एक्सबॉक्सवाल्यांना आणखी एक सोय आहे : मित्रानं उतरवलेला गेम त्याच्या हार्ड डिस्कवरून तुमच्या कन्सोलवर घेता येतो. खेळायला तुमचं स्वतःचं गेम पास लागतं, पण डाउनलोड वाचतं.

डाउनलोड सुरू करण्याआधी आवृत्ती तपासा. कित्येक गेमच्या पीएस फोर आणि पीएस फाइव्ह अशा दोन्ही आवृत्त्या यादीत असतात. पीएस फाइव्हवर चुकून पीएस फोरची उतरवली तर रात्रभराचं नेट गेलं, आणि तिचा सेव्ह दुसरीत आपोआप जाईलच असं नाही.

गेमवर कुलूप दिसलं तर

घाबरून गेम डिलीट करू नका. नव्वद जीबी पुन्हा उतरवून शेवटी तेच कुलूप बघावं लागतं. या क्रमानं जा.

१. गेम कुणाच्या खात्यावरून आला ते आठवा. दुसऱ्या युजरचा असेल तर त्याच्या खात्यावर शेअरिंग चालू आहे का बघा.
२. सबस्क्रिप्शनची तारीख बघा. 'कालच पैसे भरले' असं वाटत असलं तरी पेमेंट खरंच झालं का ते तपासा.
३. कन्सोल नेटला जोडा आणि पुन्हा साइन इन करा.
४. प्लेस्टेशनवर 'रिस्टोअर लायसन्सेस' करा. पीएस फाइव्हवर ते युजर्स अँड अकाउंट्स, अदर इथं आहे. पीएस फोरवर अकाउंट मॅनेजमेंटमध्ये. एका मिनिटाचं काम आहे आणि बऱ्याच तक्रारी इथंच मिटतात.
५. स्टोअरमध्ये त्या गेमचं पान उघडा. सबस्क्रिप्शनचं चिन्ह जाऊन नुसती किंमत दिसत असेल, तर गेम कॅटलॉगमधून गेला. त्यावर इलाज नाही, एकतर विकत घ्या नाहीतर परत येण्याची वाट बघा.
६. जास्तीचे भाग, म्हणजे डीएलसी, पैसे देऊन घेतले असतील तर ते तुमचेच राहतात, पण मूळ गेमशिवाय चालत नाहीत. म्हणून कॅटलॉगमधल्या गेमसाठी महागडं डीएलसी घेताना दहादा विचार करा. गेम पासच्या यादीत असेपर्यंत मूळ गेमवर सवलत मिळू शकते. खूप आवडलेला गेम जाणार असं कळलं की तेव्हाच घेतलेला बरा.

बंद करताना

परीक्षेचे तीन महिने कन्सोल बंद ठेवायचा असेल तर सबस्क्रिप्शनही थांबवा. ऑटो-रिन्यू बंद केलं म्हणून गेम लगेच बंद होत नाहीत, भरलेल्या मुदतीच्या शेवटच्या दिवसापर्यंत सगळं चालतं. प्लेस्टेशनवर युजर्स अँड अकाउंट्स, अकाउंट, पेमेंट अँड सबस्क्रिप्शन्समध्ये हा पर्याय आहे. एक्सबॉक्ससाठी ब्राउझरमधून मायक्रोसॉफ्ट खात्यात जाऊन 'सर्व्हिसेस अँड सबस्क्रिप्शन्स' उघडा. चुकून वर्षाचं प्लस घेतलं गेलं असेल, तर घेतल्यापासून १४ दिवसांच्या आत रद्द करून पैसे परत मागता येतात. वापरलेल्या दिवसांचे पैसे त्यातून कापले जाऊ शकतात.

थांबवण्याआधी सेव्हची सोय लावा. एक्सबॉक्सवर सेव्ह आपोआप क्लाउडवर जातो, त्याला सबस्क्रिप्शन लागत नाही. प्लेस्टेशनवर क्लाउड प्लसशी बांधलेलं आहे, आणि प्लस संपल्यावर तिथले सेव्ह सहा महिन्यांनंतर पुसले जाऊ शकतात. पीएस फोरच्या गेमचे सेव्ह पेनड्राइव्हवर घेता येतात. पीएस फाइव्हच्या गेमचे घेता येत नाहीत, ते कन्सोलच्या आतच राहतात. गेम डिलीट केला तरी सेव्ह आत शाबूत असतो. पण युजर डिलीट केला किंवा कन्सोल रिसेट केला तर तो जातो. बंद काळात कन्सोल विकायचा किंवा दुरुस्तीला द्यायचा विचार असेल, तर प्लस चालू असतानाच सगळे सेव्ह क्लाउडवर चढवा आणि नव्या कन्सोलवर लगेच उतरवून घ्या. विकण्याआधी त्यावरचं कन्सोल शेअरिंगही बंद करा, नाहीतर तुमच्या खात्याची ती एकमेव जागा अडकून राहते.

पुन्हा सुरू करताना त्याच खात्यावर प्लॅन घ्या, गेम लायब्ररीत जा आणि लायसन्स एकदा रिस्टोअर करा. जमा केलेले महिन्याचे गेम तिथं दिसतील. बंद असलेल्या महिन्यांचे दिसणार नाहीत. कॅटलॉगमधले अर्धवट राहिलेले गेम अजून यादीत आहेत का, ते बघूनच डाउनलोडला लावा.